वास्तू तथास्तु म्हणते

तिन्हीसांजेच्या वेळी घरात कोणी अभद्र बोलले, म्हणजे जुन्या पिढीतील माणसे त्यास चटकन थांबवीत. "असे बोलू नये, वास्तू तथास्तु म्हणत असते," हे वाक्य ज्याने लहानपणी ऐकले नाही असा मराठी वाचक विरळाच. आमच्या घरी ते आजीच्या तोंडी असे. परीक्षेच्या आदल्या संध्याकाळी "आता आम्ही नापासच होणार" असे आम्ही वैतागून म्हणालो, की ती हातातील वात तशीच ठेवून आधी आम्हांस गप्प करी आणि मग निरांजन लावी. या समजुतीमागील कल्पना मोठी चमत्कारिक आहे. घराचा अधिदेव अदृश्य रूपाने घरातून फिरत असतो आणि त्याच्या तोंडी एकच शब्द असतो, 'तथास्तु'. तो शब्द कोणत्या क्षणी उमटेल हे कोणासही ठाऊक नाही. परंतु त्या क्षणी आपण जे बोलत असू ते खरे व्हावयाचे. हा देव दुष्ट नाही, पण चौकसही नाही. बोलणाराच्या मनात थट्टा होती की त्रागा, याची तो विचारपूस करीत नाही. तो शब्द तेवढा घेतो आणि जगाची मांडणी त्याबरहुकूम करून टाकतो.

पुढे इंग्रजी शिक्षणाचे वारे अंगात शिरल्यावर आम्ही या देवास हसू लागलो, हे सांगावयास नकोच. शब्द म्हणजे हवेतील कंप. त्याने भिंतीवरील चुना हलत नाही, मग माणसाचे प्रारब्ध कसे हलणार? हा युक्तिवाद आम्ही आजीस ऐकविला होता. तिने तो शांतपणे ऐकून घेतला आणि "बरे, पण शुभ बोलावे" एवढेच उत्तर दिले. आज पन्नाशी उलटून गेल्यावरही वास्तुदेवावर आमचा विश्वास बसलेला नाही. तथापि शब्द उच्चारताच वस्तू बदलते ही एकच कल्पित गोष्ट माणसाने इतक्या देशांत, इतक्या युगांत पुन्हापुन्हा का रचावी, हा प्रश्न आम्हांस अलीकडे सोडीत नाही. ज्या शक्तीचा आपल्यापाशी लवलेशही नाही, तिचे इतके भय माणसास का वाटावे?

आपल्या भाषेत तर या भयाचे एक स्वतंत्र व्याकरणच आहे. दिवा विझला असे म्हणावयाचे नाही. तो निजला किंवा शांत झाला. देवापुढे नारळ फोडीत नाहीत, वाढवितात. सुवासिनीच्या हातची बांगडी फुटत नाही, ती वाढते. करंड्यातील कुंकू सरले तर तेही वाढते. घराबाहेर पडणाराने 'जातो' म्हणू नये, 'येतो' म्हणावे. रात्रीच्या वेळी सापाचे नाव घ्यावयाचे नाही. तो 'लांबडे' किंवा नुसते 'जनावर' होतो. आणि ज्या रोगाने घरेच्या घरे ओस पाडली, तो अंगावर उठला म्हणजे आपण 'देवी आल्या' असे म्हणत असू, जणू माहेरवाशीणच पालखीतून उतरली आहे. तो रोग पृथ्वीवरून नाहीसा झाल्याचे १९८० मध्ये जाहीर झाले. त्यास घालविले लस टोचणाऱ्याच्या सुईने, आमच्या आदरार्थी बहुवचनाने नव्हे, हे येथेच कबूल केलेले बरे. परंतु वरील उदाहरणांत एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. जेथे जेथे काही मोडते, सरते वा नष्ट होते, तेथे तेथे नेमका 'वाढणे' हा धातू आला आहे. यास खोटेपणा म्हणता येणार नाही, कारण ऐकणारा फसत नाही. हा जगाकडे केलेला अर्ज आहे. बांगडी फुटली ही घटना आपल्या हाती नव्हती. तिचे नाव काय ठेवावे एवढेच हाती होते, आणि तेवढ्या अधिकारात बाईने जे करता येण्याजोगे होते ते केले.

नाऱ्याची म्हण या दृष्टीने पाहावी. त्यास शुभ बोल म्हणून बजाविले, तर त्याने मांडवाला आग लागल्याचे सांगितले. बिचाऱ्याने आग लाविली नव्हती, बातमी दिली होती. तरीही पिढ्यान्‌पिढ्या आपण रोष धरला आहे तो नाऱ्यावर. मांडवात निखारा टाकणाराचे नावही कोणास ठाऊक नाही.

आता जुन्या कथांकडे वळू. शब्दाप्रमाणे जग बदलते असे एकदा धरले, की पहिला प्रश्न उच्चारातील चुकीचा येतो; आणि आमच्या वैदिक पूर्वजांनी तो टाळलेला नाही. त्वष्ट्याचा पुत्र विश्वरूप यास इंद्राने मारिले. सूड घेण्यासाठी त्वष्ट्याने अग्नीत सोम ओतला आणि इंद्राचा संहार करणारा पुत्र मागितला. त्याने योजिलेला शब्द होता 'इन्द्रशत्रु'. या सामासिक शब्दाचा शेवट उदात्त उच्चारला तर अर्थ होतो इंद्राचा घातक. आरंभ उदात्त उच्चारला तर अर्थ होतो, इंद्र आहे घातक ज्याचा असा. त्वष्ट्याचा स्वर चुकला. वृत्र जन्मास आला, वाढला आणि इंद्राच्या हातून मेला. पतंजलीने महाभाष्याच्या आरंभीच व्याकरण का शिकावे याच्या कारणांत या कथेची आठवण दिली आहे. वैयाकरणास ती शुद्ध उच्चाराच्या महत्त्वाची कथा वाटणे स्वाभाविक आहे. आम्हांस मात्र ती वाचताना दर वेळी त्या बापाची दया येते. त्याच्या मनात काय होते हे अग्नीस कळले नसेल काय? कळले असावे. परंतु अशा जगात मनातील हेतूस किंमत नसते; ओठांबाहेर जे पडले तेच खरे. आमच्या आजीचा वास्तुदेव याच घराण्यातील.

कुंतीची गोष्ट याहून जवळची आहे, कारण तीत मंत्र नाही, यज्ञ नाही, केवळ घरातील बोलणे आहे. पांचाल नगरीत कुंभाराच्या घरी राहत असता मुले बाहेरून हाक देतात की भिक्षा आणिली आहे. आई मागे वळूनही न पाहता आतून सांगते की सर्वांनी मिळून भोगा. रोज सांगत असेल तेच वाक्य. पाहते तो दारात द्रौपदी. यानंतरची कुंतीची व्याकुळता महाभारतकाराने फार बारकाईने टिपली आहे. आपला शब्द खोटा होऊ नये आणि या मुलीसही अधर्म लागू नये, असा मार्ग ती युधिष्ठिरापाशी मागते. शब्द मागे घ्यावा, 'मी न पाहता बोलले' असे म्हणून मोकळे व्हावे, हा सर्वांत सोपा मार्ग. त्यावर मात्र कोणी टिकत नाही. पुढे द्रुपदाच्या सभेत पुष्कळ खल झाला, व्यास आले, पूर्वजन्मीच्या कथा निघाल्या. एका वाक्याभोवती धर्मशास्त्राचा केवढा हा मांडव! आणि ज्या स्त्रीच्या आयुष्याची त्या वाक्याने पाच भागांत वाटणी झाली, तिला काय वाटते हा प्रश्न त्या खलात जवळजवळ नाहीच.

येथे या कथांचा एक नियम सांगितला पाहिजे, कारण आजचा वाचक तो विसरतो. शब्दसिद्धी फुकट मिळत नाही आणि खर्चल्यावाचून वापरताही येत नाही. विश्वामित्राने रंभेस शिळा होण्याचा शाप दिला, तेव्हा रंभा शिळा झाली खरी. पण त्याच क्षणी आपले तप रागापायी गेले हे त्यास उमगले. रामायणात पुढे तो हजार वर्षांचे मौन धरतो. शाप देणारा स्वतः त्यात झिजतो. शाकुंतलातील दुर्वासाने तर फार मार्मिक रीतीने हा नियम पाळला आहे. प्रियंवदेने पाय धरल्यावर त्याचा राग निवळतो, तरी आपले वचन अन्यथा होणार नाही असेच तो सांगतो. फार तर ओळखीचा दागिना पाहताच शापाचा शेवट होईल एवढी सवलत देतो. म्हणजे शब्द एकदा सुटला की तो बोलणाराचाही धनी होतो. महाभारतातील मूळ कथेत हा शाप नाही. कालिदासाने तो आणिला. आणि शकुंतलेने तो ऐकलेलाच नाही, हे त्यातील सर्वांत क्रूर होय. ज्या शब्दाने तिचे आयुष्य उलथून टाकले तो तिच्या कानांवरून गेला, आणि सख्यांनी तिला सांगावयाचे नाही असे ठरविले.

परंतु या विषयावर ज्याने सर्वांत खोल पाहिले तो कवी आमच्या मते भवभूती. उत्तररामचरिताच्या पहिल्या अंकात अष्टावक्र वसिष्ठांचा आशीर्वाद घेऊन येतो, की सीतेस वीर पुत्र व्हावा. तो ऐकून राम म्हणतो, लौकिकातील सज्जन बोलतात तेव्हा त्यांची वाणी वस्तुस्थितीच्या मागून चालते. आद्य ऋषी बोलतात तेव्हा वस्तुस्थिती त्यांच्या वाणीमागून धावत येते. हा विचार संस्कृत शिकलेल्या घरांतून सुभाषितासारखा फिरत आला आहे, आणि आम्हीही तो विद्यार्थ्यांस कित्येकदा सांगितला आहे. परंतु तो ज्या अंकात येतो तो अंक आपण सबंध वाचतो काय? थोड्याच वेळाने चित्रे पाहतापाहता सीतेस डोहाळा होतो, की पुन्हा त्या वनांतून हिंडावे आणि भागीरथीत स्नान करावे. राम रथ आणावयास सांगतो. ती त्याच्या बाहूवर डोके ठेवून निजते. आणि तेवढ्यात दुर्मुख येऊन नगरातील लोक काय बोलतात ते रामाच्या कानात सांगतो.

म्हणजे एका अंकात तीन वाणी झाल्या. ऋषींचा आशीर्वाद खरा ठरला. पण त्यास अवधी लागला. सीतेची इच्छा त्याच दिवशी पूर्ण झाली. तिने मागितलेला रथ आला आणि तिने मागितलेल्या वनात तिला घेऊन गेला. वास्तू तथास्तु म्हणाली ती अशी. आणि तिसरी वाणी अयोध्येतील रिकामटेकड्या लोकांची. त्यांच्यापाशी तप नव्हते, मंत्र नव्हता, त्यांतील कोणाचे नावही कवीने दिलेले नाही. बहुधा दुसऱ्या दिवशी आपण काय बोललो हेही त्यांस आठवले नसेल. त्या वाणीने राणीस वनवासिनी केले. लौकिकांची वाणी वस्तुस्थितीमागून चालते असे ज्याने सांगितले, त्याच रामाने त्याच अंकात आपल्या हातांनी वस्तुस्थितीस लोकवाणीच्या मागे धाडले. भवभूतीने हा विरोध कोठेही बोलून दाखविलेला नाही.

पाश्चात्त्यांच्या अलीकडील कथांतही हा विषय पुन्हा आला आहे. अर्सुला ले ग्विन या अमेरिकन लेखिकेने १९६८ मध्ये 'अ विझर्ड ऑफ अर्थसी' ही कादंबरी लिहिली. तीतील द्वीपसमूहात प्रत्येक वस्तूस प्राचीन भाषेत एक खरे नाव असते आणि ते जाणणाराची सत्ता त्या वस्तूवर चालते. गेद नावाचा तरुण शिष्य आपल्या गुरूस विचारतो, की या खड्याचा हिरा दिसतो, पण तो हिराच राहावा यासाठी काय करावे? गुरू म्हणतो, ते करता येईल. पण खड्याचे खरे नाव बदलावे लागेल, आणि एवढासा खडा बदलणे म्हणजे जग बदलणे होय. त्याने काय काय ढळेल हे जाणल्याविना ते करू नये. गेद अर्थातच ऐकत नाही, आणि उन्मत्तपणे उच्चारलेल्या मंत्रातून आपल्याच मागे लागणारी छाया जगात आणितो. ऋषींच्या शापाविषयीचा आमच्याकडील नियम या बाईंस कोणी सांगितला होता असे नाही. हा विषय प्रामाणिकपणे हाताळू जाणारास तो आपोआप सापडतो. अर्जेंटिनाच्या बोर्हेसने १९४० मध्ये प्रसिद्ध केलेल्या एका कथेत तर सगळे उलटे आहे. तेथे काही विद्वान मिळून एका नसलेल्या जगाचा ज्ञानकोश लिहितात. त्या जगातील एका गोलार्धाच्या भाषेत नामेच नाहीत. आणि हळूहळू खऱ्या जगात त्या खोट्या जगाच्या वस्तू सापडू लागतात, शाळांतून त्याचाच इतिहास शिकवू लागतात. येथे कोणीच झिजत नाही, कोणासच किंमत द्यावी लागत नाही. म्हणूनच ती कथा वाचून अंगावर काटा येतो.

यावर आमचे शास्त्रज्ञ मित्र म्हणतील की हे सर्व ठीक. पण खडा तो खडाच. मान्य. परंतु ज्यास खड्याइतकीही कल्पनेची आवड नसेल अशा एका धंद्यातील गोष्ट त्यांनी ऐकावी. बेंजामिन ली व्होर्फ हा भाषाशास्त्रज्ञ पोटासाठी अमेरिकेतील एका आगीच्या विम्याच्या कंपनीत नोकरी करीत असे. आगी का लागतात याचे अहवाल तपासता तपासता त्याच्या ध्यानात आले, की पेट्रोलने भरलेल्या पिंपांजवळ माणसे जपून वागतात. 'रिकामी' म्हटलेल्या पिंपांजवळ मात्र विडी ओढतात, थोटूक फेकतात. वास्तविक रिकाम्या पिंपात पेट्रोलची वाफ कोंडलेली असते आणि तीच अधिक भडकते. पिंप रिकामे नव्हते. त्यास लाविलेला शब्द रिकामा होता. वखार जळाली ती खरीखुरी, आणि जळण्यापूर्वी साखळीत एक शब्द होता. तो शब्द पिंपावर चालला नाही हे खरे. तो माणसावर चालला, आणि माणूस पिंपावर.

येथे आमची आजी आणि आमचा तरुणपणचा युक्तिवाद यांची गाठ पडते. शब्दाने चुना हलत नाही. पण शब्दाने हात हलतो, आणि हाताने चुनाच काय, भिंतही हलते. ऑक्सफर्डचा तत्त्वज्ञ ऑस्टिन याने १९५५ मधील व्याख्यानांत दाखवून दिले, की पुष्कळ वाक्ये काही सांगत नाहीत, काही करतात: वचन देणे, पैज लावणे, शिक्षा सुनावणे. मात्र ती करण्यास बोलणारापाशी अधिकार लागतो. न्यायाधीशाने 'दोषी' म्हटले तर माणूस तुरुंगात जातो. शेजाऱ्याने म्हटले तर फार तर भांडण होते. ऋषींचे तप आणि आजचा अधिकार यांत भेद असा, की तप ऋषीचे स्वतःचे असे आणि शापागणिक ते घटे. अधिकार दिलेला असतो, आणि वापरल्याने घटतो असे काही दिसत नाही.

सन १८७१ मध्ये इंग्रज सरकारने एक कायदा करून काही जमातींस जमातीच्या जमाती 'गुन्हेगार' असे नाव दिले. १९११ च्या कायद्याने त्याची व्याप्ती वाढून मुंबई इलाख्यातील पारधी, कैकाडी इत्यादी लोकही त्यात आले. गुन्हा करून गुन्हेगार व्हावे, हा जगाचा क्रम. येथे मूल गुन्हेगार म्हणून जन्मास येऊ लागले आणि गुन्ह्याचा शोध मागाहून होऊ लागला. वस्तुस्थिती वाणीमागून धावली ती अशी. सोलापुरास तारेच्या कुंपणाआड त्यांची वसाहत होती. तेथे हजेरी द्यावी लागे. १९५२ मध्ये तो कायदा रद्द झाला आणि त्यांस 'विमुक्त' हा नवा शब्द मिळाला. कुंपण उखडता आले. पण कोठे चोरी झाली की आधी कोणत्या वस्तीवर पोलिसांची धाड जाते, हे वर्तमानपत्रे वाचणारास सांगावयास नको. ज्या शब्दाने कुंपण घातले तो उखडण्याचे हत्यार कोणत्याच खात्यापाशी नाही.

हजेरी हा शब्द लिहिला आणि ज्यासाठी हा लेख लिहावयास घेतला ती गोष्ट पुढे येऊन उभी राहिली. ती सांगितलीच पाहिजे.

मुले जगत नसली म्हणजे पुढच्या मुलाचे नाव धोंडू, दगडू, केरू, भिका असे ठेवण्याची चाल आपल्याकडे होती. मृत्यूस वाटावे की येथे नेण्याजोगे काही नाही. त्या ओबडधोबड नावांत केवढी माया लपविलेली आहे हे कोणासही कळेल. हीच युक्ती मुलीच्या बाबतीत कशी उलटते ते पाहावे. लागोपाठ मुली झाल्या की शेवटच्या मुलीचे नाव 'नकुशी' ठेवावे, म्हणजे देवास कळेल की आता मुली पुरे, आणि पुढे मुलगा होईल, अशी समजूत सातारा भागात कित्येक घरी होती. हाही जगाकडे केलेला अर्जच. मुलगा होणे वा न होणे पित्याच्या बीजावर अवलंबून असते. नाव ऐकून ते बदलल्याचे शास्त्रास ठाऊक नाही. अर्ज ज्याच्या नावे केला त्याने तो वाचलाच नाही. पण ज्या कागदावर तो लिहिला ते मूल रोज तो वाचीत मोठे झाले. धोंडूच्या नावात हवेपण लपविले होते. नकुशीच्या नावात लपविण्यासारखे काही ठेविलेच नव्हते.

सुमारे वीस वर्षांपूर्वी आमच्या पहिल्या वर्षाच्या वर्गात या नावाची एक मुलगी होती. आम्ही तर्कशास्त्र शिकवीत असू. तासाच्या आरंभी हजेरी घेण्याचा नियम, आणि आम्ही नियमाचे पक्के; त्यामुळे आठवड्यातून चार वेळा आम्ही मोठ्याने 'नकुशी' म्हणत असू आणि ती तिसऱ्या बाकावरून 'हजर' म्हणत असे. या दोन शब्दांत काही आहे असे आमच्या मनात कधी आले नाही. त्या सत्रात मिल्लचा नामविचार शिकवावयाचा होता. १८४३ मधील आपल्या ग्रंथात त्याने म्हटले आहे, की विशेषनाम केवळ खूण असते. ते व्यक्तीकडे बोट दाखविते, तिच्या अंगचा कोणताही गुण सांगत नाही. नदीच्या मुखाशी वसले म्हणून एखाद्या गावास तसे नाव पडले, आणि पुढे भूकंपाने नदीच दूर गेली, तरी गावाचे नाव चुकीचे ठरत नाही. हा पाठ आम्ही उत्तम शिकवितो असा आमचा लौकिक होता.

तास संपल्यावर ती टेबलापाशी आली. "सर, नावाला अर्थ नसतो म्हणालात, ते माझ्यापण नावाला लागू आहे का?"

आम्ही म्हणालो, "तर्कशास्त्राच्या दृष्टीने आहे."

ती थोडी थांबली. मग म्हणाली, "नाव बदलायचे कागद गॅझेटला पाठवलेत, सर. ते येईपर्यंत वर्गात तेवढं दुसऱ्या नावानं हाक माराल का?"

यावर आम्ही काय उत्तर दिले ते लिहिताना आज हात अडखळतो. आम्ही म्हणालो, की हजेरीपटात जे आहे तेच आम्हांस वाचले पाहिजे. कागद झाले की पाहू. ती "बरं, सर" म्हणून गेली. मिल्लच्या मते ज्या शब्दास काहीच अर्थ नाही, तो बदलण्यास आम्ही नकार दिला. आणि ज्या मुलीस त्याचा अर्थ पुरता ठाऊक होता, तिला तो अर्थहीन असल्याचे समजावून दिले. यात तर्कदोष कोणता, हे ओळखण्यास पहिल्या वर्षाचा विद्यार्थी पुरे. कागद येण्यास आठ महिने लागले. आठवड्यातून चार वेळा या हिशेबाने आम्ही ते नाव आणखी किती वेळा पुकारले, याचे गणित आम्ही करून पाहिले आहे. आकडा येथे देत नाही. ती एखाद्या दिवशी रडली असती, रागावली असती, तर आमचे डोळे तेव्हाच उघडले असते असे म्हणण्याचा मोह होतो; पण त्याचा अर्थ एवढाच, की आमचे काम तिने करावयास हवे होते.

पुढे २०११ च्या ऑक्टोबरात सातारा जिल्हा परिषदेने समारंभ करून या नावाच्या दोनशेंहून अधिक मुलींची नावे बदलली आणि त्यांस नव्या नावाचे दाखले दिले. ते वृत्त वाचले तेव्हा आम्ही चहा पीत होतो. आमच्या मुलीने ते मोठ्याने वाचून दाखविले आणि "किती चांगलं झालं, नाही बाबा?" असे विचारले. आम्ही हो म्हणालो.

आमच्या वर्गातील त्या मुलीचे नवे नाव येथे लिहीत नाही. ते तिचे आहे. दिवाळीच्या सुट्टीनंतर कार्यालयाकडून दुरुस्त केलेला हजेरीपट आला, आणि ती तेव्हा दुसऱ्या वर्षास होती. आम्ही क्रमाने वाचीत तिच्या क्रमांकाशी आलो आणि ते नाव वाचले. उत्तर आले नाही. पुन्हा वाचले. मागील बाकावर कोणी तरी हसले. आम्ही खूण करून पुढील क्रमांकाकडे वळणार, तोच शेजारच्या मुलीने तिला कोपराने डिवचले. ती दचकून उभी राहिली, इकडेतिकडे पाहू लागली आणि "हजर, सर" म्हणाली. तोवर आम्ही तिच्या नावापुढे गैरहजेरीचे शून्य घातले होते. ते खोडावयास लागले.